बरोबरीची जोड

लोहा,
१८ नोव्हेंबर २०२४

चि. करिश्मा हिस,
आबाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

इकडे सर्व खुशाल. तूर फुलावर आली आहे. फोनवर बोलायचं तर माझे कान तालमीतच मोडले. तुझं निम्मं ऐकू येतं आणि निम्मं मी मनानं भरतो. त्यापेक्षा पत्र बरं.

पहिल्या पगारातून तू मोबाईल घेऊन दिलास आणि त्यात बुद्धिबळ घालून दिलंस, पोरी, लई मोठं काम केलंस. जेवण झालं की दुपार अंगावर यायची. आता कुठला कोण माणूस समोर येऊन बसतो, त्याला माझं ऐकू येत नाही न् मला त्याचं. दोघंही गुमान खेळतो.

एकच तक्रार आहे. तीन महिने झाले, तुझ्या सहावीतल्या बुद्धिबळाच्या पुस्तकातले सगळे डाव मी घोकून पाठ केले. तरी एक जिंकतो, एक हरतो. पुन्हा एक जिंकतो, पुन्हा एक हरतो. माझ्या नावापुढचा आकडा आठशे चाळीसला खुंटी ठोकल्यासारखा बसलाय. जत्रा कमिटीचा सुदाम रोज पारावर विचारतो की काका, आज यंत्रानं पाठ लावली का पोट? तुझ्या त्या यंत्राचं माझ्याशी काही वाकडं आहे काय, ते कळव.

लॅबमध्ये डबा वेळेवर खात जा. माया आहेच, ती पत्रागणिक वाढती ठेव.

तुझा,
आबा


लातूर,
२५ नोव्हेंबर २०२४

ती. आबांच्या सेवेशी,
शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून लॅबमध्ये एकटीच हसत बसले. उमादेवी मॅडमना वाटलं, रिपोर्टात काही विनोद आहे.

आबा, यंत्राचं तुमच्याशी वाकडं नाही. ते तुमचंच काम करतं. तुम्ही चाळीस वर्षं जत्रेच्या फडात पहिलवानांच्या जोडी लावल्या. दंड दाबून, मान बघून, मागच्या जत्रेत कोणाला पाडलं ते विचारून. यंत्राला दंड दाबता येत नाही. ते एवढंच बघतं, की तुम्ही कोणाला हरवलं आणि कोणाकडून हरलात. वरच्याला पाडलं तर गुण जास्त, खालच्याला पाडलं तर चिमूटभर. हरलं की तसेच कापतात. मग तुमच्याएवढा आकडा असलेला माणूस शोधून ते समोर बसवतं. तुम्ही सुधारलात की ते गडीही जरा बरा देतं. म्हणून एक जीत, एक हार. याचा अर्थ जोड बरोबर लागली.

तरी तुम्ही नाराज आहात हे मला आवडलं नाही. बघा, दिवस फिरतील. मला आतून वाटतंय.

गोळी चुकवू नका. माझ्यावरचा जीव आहे तसाच राहू द्या.

तुमची नात,
करिश्मा


लोहा,
२० डिसेंबर २०२४

चि. करिश्मा हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

मागे पत्र लिहिलं नाही, कारण आधी हवेत होतो आणि नंतर जमिनीवर.

तुझं पत्र आलं त्याच आठवड्यात माझं नाव बाहेर गेलं. एक औशाचा किल्लेदार, एक उदगीरचा वजीर, एक निलंग्याची तोफ, थेट माझ्या नावानं आव्हान पाठवायला लागले. फडात असंच असतं, एखाद्याचं नाव झालं की लांबलांबून गडी जोड मागत येतात. मी सगळ्यांना लोळवलं. सत्तावीस डाव! आकडा अकराशेच्या वर गेला. पारावर चहा मी पाजला.

मग एक दिवस ते तिघंही यायचे बंद झाले. आता यंत्र जो माणूस देतं तो मला पंधरा-वीस चालीत गुंडाळतो. सलग अकरा डाव हरलो. घोडा कुठं ठेवला होता तेच आठवत नाही. डाव पाठ होते ते कुठं गेले?

तुला म्हणून सांगतो. अण्णारावदादाचं असंच सुरू झालं होतं. आधी शेताची वाट विसरला, मग पोराचं नाव, शेवटी मी कोण ते. भावाभावात दुखणी सारखी असतात म्हणतात. ज्या माणसाला स्वतःचा घोडा आठवत नाही, त्यानं दुसऱ्याच्या पोरांच्या जोडी लावू नयेत. चुकीची जोड लागली तर हाड मोडतं. म्हणून परवा सुदामला सांगून टाकलं की पौषातल्या जत्रेला दुसरा माणूस बघा. त्यानं थट्टासुद्धा केली नाही.

मोबाईल कपाटात ठेवला आहे. तुझ्यावर राग नाही. दिवस चांगले गेले, ते तुझ्यामुळंच.

आशीर्वाद मात्र मी विसरणार नाही, तेवढी खात्री ठेव.

आबा


लातूर,
२४ डिसेंबर २०२४

ती. आबांच्या सेवेशी,
शि. सा. न. वि. वि.

आधी कामाचं सांगते. तुम्हाला काहीही झालेलं नाही.

औशाचा किल्लेदार मी. उदगीरचा वजीर मी. निलंग्याची तोफ पण मीच.

तुम्ही नाराज होतात म्हणून मी खोट्या नावांनी तीन खाती काढली. नवा खेळाडू आला की यंत्राला त्याची पारख नसते, म्हणून ते त्याला मधल्या पायरीवर उभं करतं. ती पायरी तुमच्यापेक्षा वर होती. तिथून मी मुद्दाम पडत गेले, आणि दर वेळी वरच्याला पाडल्याचे भरपूर गुण तुमच्या नावावर चढले. मला वाटलं, आबा पारावर ताठ मानेनं बसतील. आकडा खोटा झाला की पुढचा गडीही चुकीचा येणार, हे माझ्या डोक्यात आलंच नाही. यंत्रानं तुम्हाला अकराशेचा पहिलवान समजून अकराशेचे गडी दिले. त्यांच्यापुढं तुमचा घोडा हरवला नाही आबा, तो त्यांनी मारला.

दिवसभर मी परक्या माणसांना त्यांच्या रक्ताचे खरे आकडे लिहून देते, आणि घरच्या माणसाला खोटा आकडा दिला. याची शिक्षा तुम्ही द्याल ती मान्य. पण मोबाईल कपाटातून काढा. खेळत राहा, हरत राहा. हरता हरता यंत्र तुम्हाला आपोआप खाली तुमच्या जागी आणेल. आणि हात जोडते, जत्रेतलं काम सोडू नका. मी आकडा बिघडवला. तुमची नजर नाही बिघडली.

रागवा, पण टाकू नका.

तुमची अपराधी नात,
करिश्मा


लोहा,
१९ जानेवारी २०२५

चि. करिश्मा हिस,
आबाचे पोटभर आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. पहिल्यांदा राग आला, दुसऱ्यांदा हसू आलं. तिसऱ्यांदा चष्मा पुसावा लागला.

आधी माझी चोरी कबूल करतो. मुद्दाम पडणारा पहिलवान मला शंभर पावलांवरून ओळखता येतो. पाठ टेकायच्या आधीच त्याचं अंग सैल होतं. तुझ्या त्या किल्लेदारानं तिसऱ्याच डावात वजीर माझ्या प्याद्याच्या तोंडी आणून ठेवला, शाळकरी पोर ठेवणार नाही असा. मला वास आला होता. पण गोड लागत होतं, म्हणून मी नाक दाबून खाल्लं. तेव्हा अपराध निम्मा निम्मा वाटून घेऊ.

आता तुला न सांगितलेली गोष्ट. अण्णारावदादाचा व्यंकट, तुझा काका, तरुणपणी फडात उतरायचा. पुतण्या म्हणून मी तीन जत्रा त्याला हलका गडी दिला. त्याचं नाव झालं. चौथ्या वर्षी मुखेडच्या फडात त्या नावावर भरवसा ठेवून लोकांनी त्याच्यापुढं खरा मल्ल उभा केला. खांद्याचं हाड मोडलं. त्यानंतर त्यानं मातीला पाय लावला नाही. तीस वर्षं झाली. मी त्याला कधी सांगितलं नाही. चुकीच्या जोडीनं हाड मोडतं असं तुला मागच्या पत्रात लिहिलं, तेव्हा माझ्या डोळ्यांपुढं तोच होता.

तू महिन्याच्या आत सांगितलंस. नातीला जमतं ते आजाला का जमू नये, असं मनात आलं आणि दुसऱ्या दिवशी एसटीनं मुखेड गाठलं. व्यंकट त्याच्या तिथल्या गिरणीत दळण घालत होता. मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं. त्यानं पट्टा बंद केला. बराच वेळ हातावरचं पीठ झटकत राहिला. मग म्हणाला की काका, मी आजवर समजत होतो माझ्यातच दम न्हवता. एवढंच. मग सुनेला हाक मारून माझ्यासाठी भाकरी टाकायला सांगितली. ती भाकरी मला घास घास आठवते, म्हणजे माझं डोकं शाबूत आहे.

सुदामला निरोप दिला की जोडी मीच लावणार. तो म्हणाला, दुसरा माणूस शोधलाच कुणी होता? जत्रेला व्यंकट आला, फडाच्या कडेला माझ्या शेजारी बसला. शेवटच्या कुस्तीला आपल्या गावच्या केवळाबाईचा नातू आणि लातूरचा संगमेश नावाचा पोरगा जोड मागायला आले. एकाचा दंड मी दाबला, दुसऱ्याचा व्यंकटला दाबायला लावला. त्यानं मान डोलावली. वीस मिनिटं हलगी वाजत राहिली, कुणाचीच पाठ लागली नाही. शेवटी पंचांनी सोडवली आणि दोघांनाही मानाचा नारळ दिला. खाली बघितलं तर व्यंकटच्या मुठीत फडातली माती होती.

तुझी शिक्षा अशी. ती तिन्ही खाती मोडून टाक आणि दर रविवारी दुपारी स्वतःच्या नावानं माझ्याशी खेळ. हात राखलास तर पुढच्या दिवाळीला करंजी मिळणार नाही.

मोबाईल कपाटातून काढला आहे. तू सांगितलंस तसा हरत हरत खाली आलो. आठशे छप्पन्नवर थांबलो आहे, म्हणजे आधीपेक्षा सोळानं वरच. ते सोळा माझे स्वतःचे. काल दुपारी दोन डाव झाले. एक जिंकलो, एक हरलो. पोरी, इतकं बरं मला सत्तावीस डाव जिंकूनही वाटलं नव्हतं.

जीव लावत राहा, आणि खरं सांगत राहा.

तुझा,
आबा