खराटा घेतलेला नाकेदार

बाबा,

काल माझ्या नातवाला घेऊन मोहर्लीच्या गेटातून जिप्सीत बसून आत गेले. तुमच्या जंगलात जायला मला तिकीट पडलं, हसू नका. डोंगराच्या उतारावर बांबू एवढा दाट झालाय की गाइड म्हणाला, "वाघीण पिल्लं घेऊन याच बांबूत राह्यते." मी गाडीतल्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, हा बांबू माझ्या बापाने राखलाय. बढाई मारली आणि फार बरं वाटलं.

ऐंशी सालानंतर दोन-तीन वर्षांनीचा तो उन्हाळा. आदल्या वर्षी बांबू फुलून वाळला होता आणि पावसात त्याची रोपं गवतासारखी उगवली होती. तेवढ्यात वणवा लागला असता, तर बांबू गेलाच होता. आणि वणवा दर चैत्रात लागायचाच, कारण मोहाची फुलं वेचायला सोपी जावीत म्हणून लोक झाडाखालचा पाचोळा जाळत. तुम्ही वनरक्षक, गावाचे नाकेदार. ओरडून ओरडून घसा बसायचा, पण डोंगर काळा व्हायचा तो व्हायचाच. त्या वर्षी शेजारची म्हातारी तुम्हाला म्हणाली, "आग नाई लावाची तं पाल्यात फुलं दिसतीन कशे? तू झाडून देशीन का?"

"देतो नं, बाई," तुम्ही म्हणालात.

दुसऱ्या दिवशी पहाटे तुम्ही खाकी वर्दीत, आईचा खराटा घेऊन, तिच्या मोहाखाली झाडता आहात. गाव हसतंय, "नाकेदार झाडू मारून राह्यला." तुम्ही मान वर करत नाही. मोहाची झाडं घराघरांत वाटलेली. एकाचं झालं की तुम्ही दुसऱ्याच्या झाडाखाली जाता. काही दिवसांनी म्हातारीनेच खराटा हिसकावला. "सोड भाऊ, तुले झाडता नाई येत." मग घरोघरच्या बाया खराटे घेऊन निघाल्या, हसणाऱ्यांच्या घरच्यासुद्धा.

मोहाचा हंगाम संपला, तरी डोंगर जळला नाही. म्हातारीने टोपलीभर फुलं तुमच्या दारात ओतली आणि गेली. मला गावभर नाचत सुटावंसं वाटलं. तुम्ही मात्र घरामागे गेलात. मी मागोमाग आले तर डोळे पुसत म्हणालात, "धूर गेला डोळ्यात."

हे पत्र मी कुठेच टाकणार नाही, म्हणून लिहिते. चूल पेटली नव्हती, बाबा, आणि त्या वर्षी डोंगरावर धूर नव्हताच. मला तेव्हाच कळलं होतं. आईलाही सांगितलं नाही.