दोन तीरांची पोथी

१२ मार्च २०२५, केळशी
पोचलो एकदाच्या! खेडला गाडीतून उतरताना आईने माझा दंड धरला तो एसटी इथे येईपर्यंत सोडला नाही. नजर गेल्यापासून ती प्रवासात अशीच बसते. वाचनालयाने मागच्या दोन खोल्या दिल्यात. वाचनालय सांभाळणारे गंगारामकाका स्वतः सामान उचलायला आले. त्यांच्या बायकोने, सगुणाकाकूंनी, ओल्या काजूची उसळ पाठवली. सुरूच्या झाडांपलीकडे समुद्र. आई म्हणाली, नुसत्या आवाजावरून कळतं केवढा आहे ते. इथे बरं चालेल आमचं.

१४ मार्च
काम एकाच पोथीचं. कागद ठिसूळ, आणि मोबाईलने फोटो काढला तर पान काळंच येतं. म्हणून हाताने नक्कल करायची. पोथीत दोन तीरांचा देश आहे. एका तीरावर उजेड, दुसऱ्यावर अंधार. तिथला उजेड कधी वाढत नाही, फक्त नावेतून इकडचा तिकडे जातो. लिहिणाऱ्याला पोथी ‘नावाडी’ म्हणते. गंमतच आहे. काका रोज अकराला दारात येऊन विचारतात, किती झालं. आज पहिलं पान झालं.

जेवताना आईने विचारलं, तुझ्या ओढणीला पिवळी किनार आहे का गं?
आहे.

१९ मार्च
चार पानं. आई तांदूळ निवडते आहे, खडे बरोबर बाजूला काढते आहे! मुंबईच्या डॉक्टरांनी हात टेकले होते. मी मोरीत जाऊन रडून घेतलं.

काका आज चौकटीला आपटले. म्हणाले, “उन्हातून आलो ना गो बाय, डोळ्याफुडं अंधारी आली.”

२३ मार्च
सात पानं. काकांना कुलूप सापडेना. सगुणाकाकू त्यांना दापोलीला दाखवून आल्या. डोळ्यांत दोष नाही म्हणे. अंगणातून परतताना त्यांनी काकूंचा दंड धरला होता. अगदी आई धरायची तसा.

सातव्या पानावर स्पष्ट लिहिलंय: लिहिताना दारात जो येईल, त्याच्या वाटणीचा उजेड नावेत चढतो. कोणी न आल्यास नावाड्याचा.

आईला वाचून दाखवलं. ती सुईत दोरा ओवत होती. ओवून झाल्यावर म्हणाली, “गंगारामने पासष्ट वर्षं पाहिलं की सगळं. मी चाळिशीत आंधळी झाले.”

२४ मार्च
आठवं पान लिहिलं. अकरा वाजता. काका दारात होते. मला माहीत होतं, तरी लिहिलं.

२६ मार्च
काकांना आता काहीच दिसत नाही. आज पोथी फडक्यात बांधून कपाटात ठेवली, किल्ली विहिरीत टाकली. आई जेवली नाही. तिला समुद्र पुन्हा पुसट दिसतोय म्हणे.

२८ मार्च
काल दुपारी ही वही उघडली होती. आज पाहते तर कालच्या तारखेखाली नववं पान लिहिलेलं — पोथीतलं, शब्द न् शब्द. मी ते कधी वाचलंच नव्हतं. कालचं पान फाडून टाकलं.
काल दारात कोणी आलं नव्हतं.
सकाळचे दहा. खिडकी राखाडी दिसते आहे.

२९ मार्च
आईने कपाट फोडलं. आता ती पोथी घडाघडा वाचते. काल रांगोळी काढत होती.
मला फक्त कागदाचा पांढरेपणा —

३० मार्च
ओळीवर ओळ येत असेल. बोट टेकवून लिहिते. आई शेजारी बसली आहे, म्हणते मी वाचते, तू लिही, शेवटच्या पानात तुझं तुला परत मिळेल. हात माझा धरून ठेवलाय — घट्ट — पेन सोडू देत नाही
मी विचारलं, कुणाचा उजेड
आई म्हणाली, “सगुणा येतेय अंगणातून. तू लिही.”
पावलं — पायरीवर — मी ओरडतेय, काकू मागे फिरा — आईने तोंडावर हात — आणि माझा हात लिहितोय, आई वाचतेय, मी नाही, हात — नावेत चढला तो उजेड दुसऱ्या ती