नाटकातला बाप

चि. यशवंता,

तुझ्या म्हातारीचा पॅरिसहून पोटभर आशीर्वाद. मी मजेत आहे. ठंड फार, पण दोन स्वेटर घालते. तू गुडघ्याला तेल लावतोस ना? देवासला नळाला पाणी रोज येतं का?

काल आपल्या ऋतिकाचं नाटक पाहिलं. पोरगी इथे आधी लहान मुलांची नाटकं लिहायची, मग मोठ्यांची, आता सिनेमावाले मागे लागलेत. सगळं फ्रेंचमध्ये! मला शब्द एकही कळला नाही, पण नाटक सगळं कळलं रे.

लेक परदेशी निघते. लवकर परत यावी म्हणून आई दारात तिच्या हातावर दही ठेवते. बाई गोरी, पण पदर सावरला की थेट तुझी विनीता. तिने दही डाव्या हातावर ठेवलं, तशी मी उभी राहून ओरडले, "अगं बाई, उजवा हात!" आणि माझा हात वर करून दाखवला. तिने मुकाट्याने हात बदलला. हॉल खचाखच भरलेला, पण कोणी हसलं नाही.

विनीता गेली तेव्हा ऋतिका वेळेत पोचली नाही, म्हणून तू तिच्याशी अजून बोलत नाहीस. नाटकातला बापही पाठ फिरवूनच उभा असतो, पडदा पडेपर्यंत.

घरी येताना मी म्हटलं, "या नाटकाचा सिनेमा करशील, त्यात तरी बापाला वळव की गं."

म्हणाली, "आजी, ते बाबांनाच विचार."

म्हणून विचारते आहे, बाळा.

जेवण वेळेवर कर.

तुझ्या उत्तराकडे कान लावून बसलेली,
तुझी आई