वनिताचा जबाब, माझ्या अक्षरात

११ नोव्हेंबर, मंगळवार

नववीला आज क्रियापदं. अकर्मक, सकर्मक. फळ्यावर दोन रकाने पाडले. माठ फुटला, बाळूने माठ फोडला. झाड पडलं, गणूने झाड पाडलं. म्हटलं, पहिल्या रकान्यात काम आपोआप होऊन जातं, दुसऱ्यात करणारा सापडतो. पोरं हसली. तास बरा गेला.

साडेपाचला घरी. अंगणात संजूची पिकअप उभी. खामगावला जिनिंगवर कापसाची गाडी लवकर खाली झाली म्हणे, म्हणून लवकर आला. माझा हा धाकटा भाऊ लवकर घरी आला की मला धडकीच भरते.

त्याच्या बायकोने, वनिताने, अंगणवाडी मदतनिसाचा फॉर्म भरला होता. त्याला न विचारता. तो फॉर्म त्याच्या हाती पडला.

"मले इचारलं काऊन नाही वं? मी मेलो काय?"

लाथ पोटात. मग केस धरून चुलीपासून मोरीपर्यंत फरफटत. आई देवापुढे माळ घेऊन बसलेली, उठली नाही. शेजारी नववीतल्या साक्षीच्या घरी टीव्ही चालू होता, त्यांनी आवाज कमी केला. ऐकायला. संजू बाहेर आला, गाडीतून चाक खोलायची टॉमी घेऊन परत आत गेला.

दार लागलं.

मग आतून लोखंडाचा आवाज. आणि तिचा एकदाच, "मॅडम!"

घरात ती मला ताई म्हणते. नणद आहे मी तिची. पण त्याआधी चार वर्षं तिची मराठीची मॅडम होते. दहावीला मराठीत पहिली. अक्षर असं की वही जपून ठेवावी. मीच तिच्या बापाकडे जाऊन संजूसाठी मागणी घातली. मीच.

आता लिहवत नाही.

१२ नोव्हें., बुधवार

रजा टाकली. बुलढाण्याला दवाखान्यात. व.चं उजवं मनगट दोन जागी मोडलंय, दोन बरगड्या, डावा डोळा पार बंद. कानामागे रक्त वाळलेलं, नर्सने कापसाने पुसलं तर केसच निघून आले हातात.

डॉक्टर पोरगेलासा. "कसं झालं?"

मी म्हटलं, "जिन्यावरून पडली."

त्याने माझ्याकडे पाहिलं. "पडणारा माणूस हात टेकतो, मॅडम. यांनी हात डोक्यावर धरले होते."

पोलिसांना कळवावं लागेल म्हणाला. व. भिंतीकडे तोंड करून पडलेली.

तिच्या बापाला मेहकरकडे फोन लावला. सगळं ऐकून घेतलं त्यांनी. मग म्हणाले, "तुमच्या भरवशावर देली होती, मॅडम." आणि ठेवला. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

१४ नोव्हें., शुक्र.

वॉर्डात हवालदार आले. व. म्हणाली, बरं वाटलं की सांगते. ते मला बाजूला घेऊन म्हणाले, "सोमवारी दहाला लेखीच आणा. तुमचं अक्षर साऱ्या ठाण्याले माहीत हाये."

माहीत असणारच. गावात कोणाचंही डोकं फुटो, आधी चार माणसं बसतात, चहा होतो, मग मराठीच्या मास्तराला बोलावून कागद लिहवून घेतात. दोन्हीकडचे अंगठे. मग पेढा. आधी बाबा लिहायचे, ते गेल्यावर मी. या घराचा मान आहे म्हणे तो. किती कागद लिहिले! बैलाने शिंग मारल्याने डोळा गेला. विहिरीत पाय घसरून गेली. बरोबर आहे, विहिरी इकडे फार निसरड्या आहेत.

संध्याकाळी खुशालकाका घरी. गावची भांडणं तेच मिटवतात. संजू खाली मान घालून बाजूला.

"लिहून टाका मॅडम. जिन्यावरून पाय घसरला, कोनाविरुद्ध तक्रार नाही. सुनेचा अंगठा घेऊन या, पुढचं मी पाहातो."

संजू म्हणे, "लय राग आला होता, ताई. झालं आता."

"झालं कसं रे? तुझ्या हातात टॉमी काय उडून आली होती?"

आई मधेच रडायला लागली. "पाठच्या भावाले जेलात घालतं काय वं? कोनाच्या घरात राह्यतं तू?"

घर संजूच्या नावावर आहे. मी बिनलग्नाची, बेचाळीस वर्षांची. आईला बरोबर कुठे मारायचं ते कळतं.

लिहून दिला कागद. सुवाच्य अक्षरात. खुशालकाकांनी वाचून मान डोलावली, चहा प्यायले, गेले.

१५ नोव्हें., शनि.

सकाळची शाळा.

नववीला उजळणी घेत होते. साक्षी उभी राहिली. शेजारची. हिची आई गीता चार वर्षांपूर्वी गेली.

"मॅडम, वनिताकाकू पडली का पाडली?"

मी म्हटलं, बस खाली. बसली नाही.

"अन् माही आई? तुमी कागदात लिवलं, पदर पेटून जळाली. आमच्या घरी तवा गॅस होता, मॅडम. राकेलचा वास कुठून आला?"

तिच्या कानशिलात हाणली. पूर्ण ताकदीने. बाकावर आपटली पोर. ओठ फुटला, गणवेशावर रक्त.

ओठ फुटला, असं लिहिलंय मी वर. मी फोडला. चौदा वर्षांच्या पोरीचा, खरं बोलली म्हणून.

हेडसर म्हणाले, "जाऊ द्या, उठतो कधी कधी हात." या गावात सगळ्यांचे हात आपले आपणच उठतात. मी सही करून घरी आले.

गीताचा कागद आठवतो. तिचा नवरा समोर बसून सांगत होता, खुशालकाका बाजूला. ती आत जिवंत होती तेव्हा, केळीच्या पानावर. कण्हणं ऐकू येत होतं. मी विचारलंसुद्धा नाही की हिला काय म्हणायचंय. वर चहा घेतला.

१६ नोव्हें., रवि.

दुपारी दवाखान्यात. पर्समध्ये खुशालकाकांचा कागद, शाईचा पॅड.

व.ने तो वाचला. एका डोळ्याने, हळूहळू. मग म्हणाली, "अक्षर छान हाये."

मी कागदाची घडी करून पर्समध्ये ठेवली.

"कोरा कागद हाये काय? माहा हात तर गेला. तुमीच लिहा. मी सांगतो तसं."

सांगताना तिने वऱ्हाडी सोडली. वर्गात निबंध वाचून दाखवायची तशी पुस्तकी, सावकाश.

माझा पती संजय याने मला पोटात लाथ मारली. केस धरून ओढत नेले. टॉमीने पहिला घाव मनगटावर घातला, दुसरा बरगडीवर, त्यानंतरचे मोजले नाहीत. याआधी आखाडीच्या सणाला त्याने माझ्या पाठीवर उलथणे तापवून ठेवले होते. त्याआधी पोटातले मूल लाथेने पाडले. मी घरात सर्वांना पाय घसरला असे सांगितले होते.

ते मूल! मीच तिला डिंकाचे लाडू करून घातले होते तेव्हा, म्हटलं होतं, जपून चालत जा गं. माझ्याने लिहवेना. ती थांबली माझ्यासाठी. मग पुढे म्हणाली,

"लिहा. माझ्या नणदेने खोलीच्या दाराला बाहेरून कडी लावली."

पंखा फिरत होता. शेजारच्या खाटेवरची बाई आमच्याकडेच पाहत होती.

"लिहा न, मॅडम."

मंगळवारच्या पानावर मी लिहिलंय, दार लागलं. वारा नव्हता त्या दिवशी. मी दार ओढलं, कडी घातली. शेजारी ऐकतील, उद्या शाळेत तोंड कसं दाखवू, हे माझ्या डोक्यात होतं. हाक आली तेव्हा माझा हात कडीवरच होता. काढली नाही. खांद्याला पर्स, पायात चपला, उभी राहिले. आवाज थांबल्यावर काढली.

"काऊन लावली, मॅडम?" तिने विचारलं. रागाने नाही. खरंच माहीत नव्हतं तिला.

लिहिलं. तिने सांगितलं तसं, शब्द न बदलता. खाली तिचा डावा अंगठा घेतला. निघताना म्हणाली, "उद्या देसान न?" हो म्हटलं. शुक्रवारी खुशालकाकांनाही हो म्हटलं होतं.

संध्या. सहा. घरात शिरल्या शिरल्या संजू. "अंगठा आणला?"

पर्स हिसकली. खुशालकाकांचा कागद निघाला, खाली कोरा. व.चा जबाब माझ्या पोलक्यात होता.

"दुसरं काय लिवलं तिथं? सांग!"

म्हटलं, काही नाही. माझा चष्मा ओढून टाचेखाली चिरडला. मग मान धरून कपाळ चौकटीवर आपटलं. एकदाच. वनिताने हे सहा वर्षं खाल्लं, मी एकदाच. आई देवापुढे. माळ चालू होती. माझा फोन घेऊन गेला तो.

१७ नोव्हें., सोम. सकाळी नऊ

अक्षर मोठं काढतेय, चष्मा नाही. कपाळाला टेंगूळ.

साडी नेसून तयार झाले. एसटी फाट्यावरून साडेनवाला. दार ओढलं तर हलेना. बाहेरून कडी.

"आई, दार उघड."

पलीकडून आवाज, अगदी दाराला लागून. "दहा वाजून जाऊ दे, बाई. मंग काढतो."

"आई, ते वनिताला मारून टाकतील परत आल्यावर."

तिचा हात कडीवर असणार. मला माहीत आहे तिथे कसं उभं राहतात ते.

संजू अंगणात गाडी पुसतोय. खुशालकाका पुढच्या सीटवर बसलेले, दुसरा कागद घेऊन. कोणाकडून लिहवला कोण जाणे. आधी दवाखान्यात जाणार असतील, तिचा अंगठा घ्यायला. तिचा एकच हात आहे आता, धरून टेकवायला कितीसा वेळ लागतो.

मागच्या खिडकीला गज. गजापलीकडे साक्षीचं परसू. नीट दिसत नाही, पण दोन वेण्या आणि लाल रिबिनी कळतात. झाडतेय. शाळेला निघायच्या आधी झाडते ती रोज. तिचा बाप तिकडे पुढे मोरीवर आंघोळीला बसलाय, तांब्याचा आवाज येतो.

जबाबाची घडी केली आहे. गजातून जाईल एवढी, वर ठाण्याचं नाव घातलं.

ही पोर काऊन घेईल माझ्या हातून कागद?

गाडी चालू झाली.

हाक मारली. दोनदा. झाडणं थांबलं. ओठ अजून सुजलेला आहे तिचा, जवळ आल्यावर दिसला.