कोनाड्यातली दुसरी जागा

मी, दानियल दलपत मावची, वय चोवीस, धंदा गवंडीकाम, राहणार मौजे निंबदरा, तालुका नवापूर, जिल्हा नंदुरबार, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे शिक्षण नववीपर्यंत झाले आहे. डोके शाबूत आहे. आजार डाव्या मांडीच्या हाडात असून तो कंबरेपर्यंत चढला आहे, असे चिंचपाड्याच्या डॉक्टरांनी सांगितले आहे. मला कोणी धमकावलेले नाही, काही पाजलेले नाही. शुद्धलेखन दोनदा तपासले आहे. तरी एखादी वेलांटी चुकली असल्यास तेवढ्यावरून हे रद्द करू नये.

१. घर. दोन खोल्या व पडवी मोठा भाऊ जोसेफ यास द्यावी. अट एकच. आतल्या खोलीच्या पूर्वेकडच्या भिंतीत मी कोनाडा करून तो विटेने बंद केला आहे. ती भिंत पाडू नये. आत आईचे मडके आहे.

बाहेरगावच्या वकिलांना हे कळणार नाही, म्हणून लिहितो. आमच्या ओढ्याच्या वळणावरची काळी माती दुखऱ्या जागी लेपली की दुखणे तिच्यात उतरते आणि माणूस झोपतो. लेप वाळला की मडक्यात भरून तोंड फडक्याने बांधायचे. पावसाळा सरताना सगळ्या घरांनी मिळून ती माती ओढ्यात परत सोडायची, ज्याचे दुखणे त्याचे नाव घेऊन. पाणी ते धुऊन नेते आणि काठावर नवी माती धरते. परत केली नाही तर दुखणे मडक्यात तसेच राहते आणि हात लावणाऱ्याला चढते.

बाहेरचे लोक पोती भरून नेऊ लागले, तेव्हा दुःखहारी मृत्तिका संरक्षण कायदा आला. तो चांगल्या मनाने केला आहे, हे मी मानतो. ओढ्याला कुंपण झाले. गावात राहणाऱ्या प्रत्येकाला कार्डावर एक ओंजळ माती मिळते, सीलबंद डब्यात, आयुष्यात एकदाच. पण कलम नऊप्रमाणे ओढ्यात काहीही सोडण्यास मनाई आहे. माती वाटणाऱ्या कचेरीतल्या साहेबांना आम्ही जाऊन विचारले. ते म्हणाले, "तुम्हाला सोडू दिलं तर उद्या सगळे कचरा आणतील." तेव्हापासून घराघरांत मडकी साठली आहेत आणि काठाला भेगा पडल्या आहेत.

आमची आई रूपीबाई कायद्यानंतरच्या वर्षी पोटाच्या गाठीने वारली. तिचे मडके घेऊन मी कुंपणापर्यंत गेलो होतो. तिथला राखणदार लोटन खालच्या गावांकडचा, अहिराणी बोलतो. तो म्हणाला, "दान्या, वर क्यामेरा शे. मन्ही नोकरी जाई. मी काही देखं नही, तू बी काही आनं नही. घर जाय, भाऊ." मी परत आलो. त्याच्यावर माझा राग नाही.

जोसेफवर होता. त्याची मुलगी योगिता खेळताना मडक्यावर पडली, फडके सुटले आणि आजीचे दुखणे तिच्या पोटात चढले. पोर उतार पडेपर्यंत गडाबडा लोळत होती. जोसेफ माझ्या अंगावर ओरडला, "आईला ठेवायचं तर तुझ्या छातीवर ठेव! नाहीतर मी रस्त्यावर नेऊन फोडतो." म्हणून मी कोनाडा बांधला. पोरीचे लोळणे त्याने पाहिले होते, त्याचा दोष नाही. पण "रस्त्यावर" हा शब्द त्याने मनातून काढावा.

२. हत्यारे. थापी, गिलाव्याचा रंधा, ओळंबा आणि पाटी माझ्याबरोबर काम करणारा भिला यास द्यावी. माझी लेव्हल मुकादम नवनीत याच्याकडे आहे. त्याने मागून नेली आणि आता स्वतःची म्हणून सांगतो. ती त्याच्याकडेच राहू द्यावी. तिचा बुडबुडा थोडा डावीकडे बसतो, हे त्याला सांगू नये.

३. शेळी योगिताला. तिचे नाव बदलू नये, ती त्याच नावाला येते.

४. शेजारच्या कमलबाईला मी काही ठेवलेले नाही, कारण ती साक्षीदार आहे आणि साक्षीदाराला काही देऊ नये असे नोटरीने सांगितले. तिला हे समजावले तेव्हा ती म्हणाली, "मला काय तुझी थापी चावायची आहे का? पेज पी आधी."

५. माझा मातीचा डबा. पत्र्याच्या पेटीत आहे, सील शाबूत आहे. जिवंतपणी तो कोणाला देता येत नाही. न वापरलेला असेल तर मात्र कायद्याप्रमाणे मृत्युपत्राने रक्ताच्या एका नातेवाइकास देता येतो. तो मी माझी धाकटी बहीण प्रिस्किला हिला देत आहे. ती लग्न होऊन सोनगडला गेली, म्हणून तिचे कार्ड रद्द झाले. पहिल्या खेपेला ती तीन दिवस ओरडत होती आणि बाळ राहिले नाही. मी दवाखान्याच्या दाराबाहेर बसलो होतो. आता पुन्हा तिचे दिवस दिवाळीनंतर भरतात. डॉक्टरांच्या बोलण्यावरून माझे त्याआधी आटोपेल. नाही आटोपले तर काय, या विचाराने मला झोप लागत नाही.

ती रोज फोनवर विचारते, "दादा, माती लावलीस ना?" मी म्हणतो, "लावली." ती म्हणते, "मग आवाज असा का?" मी म्हणतो, "रेंज नाही."

प्रिस्किला, हे वाचल्यावर रागाने डबा परत करू नकोस. परत केलेली माती सरकार दुसऱ्याला देत नाही, नष्ट करते.

६. माझ्या अंत्यविधीला रीतीप्रमाणे कोणीतरी माझे मडके शोधेल. ते नाही. माझे दुखणे माझ्याबरोबर जाईल, ते कोणाला सांभाळावे लागणार नाही.

७. कोनाड्यात मी दोन मडक्यांची जागा ठेवली आहे. बांधताना जोसेफने विचारले होते, "दुसरी तुझी ना?" मी ओळंबा पाहत राहिलो. ती प्रिस्किलाच्या मडक्याची आहे. बाळंत झाल्यावर तिने ते आणून आईशेजारी ठेवावे. वरची डावीकडची वीट सुटी आहे. कायदा बदलेल तेव्हा दोन्ही एकदमच ओढ्यात सोडावीत. नावे दोनच घ्यावीत.

हे सर्व मी वाचून पाहिले आणि दोन्ही साक्षीदारांसमोर सही केली. त्यांनीही माझ्यासमोर केली.

ठिकाण : निंबदरा
दिनांक : १४ सप्टेंबर २०२५

सही : दानियल दलपत मावची

साक्षीदार :
१. लोटन सुका पाटील, राखणदार (सही)
२. कमलबाई सुरुपसिंग गावीत (डाव्या हाताचा अंगठा)