संशयित इसम

ल्यूकन, डब्लिन
२८ जानेवारी २०२१

ती. नंदाआत्यास,
निहारिकाचा सा. न. वि. वि.

फोनवर तुला नीट ऐकू येत नाही आणि या घरात मला मोठ्यानं बोलता येत नाही, म्हणून हे पत्र. खालच्या मजल्यावरच्या शैलेंद्रला फोटो पाठवतेय, तो प्रिंट काढून देईल.

मी आयर्लंडात येऊन इंग्लंडच्या जुन्या भुरट्या चोरांवर आणि भटक्यांवर पीएचडी करते म्हणून तू चिडवतेस. तेच आता दारात आलंय. आमच्या इस्टेटीच्या, म्हणजे घरांच्या वसाहतीच्या, टोकाला, हिरवळीच्या कडेला, महिनाभर एक व्हॅन उभी होती. मालक क्रिस्टी, सत्तरीचा, कायम टोपी घातलेला. ट्रॅव्हलर, म्हणजे इथल्या पिढ्यान्‌पिढ्या फिरणाऱ्या समाजातला. सुऱ्या-कात्र्यांना धार लावतो. परवा मंगळवारी दुपारी जेवणानंतर मी त्याच्याकडे गेले आणि पार अंधारेपर्यंत व्हॅनच्या दाराशी उभी राहून त्याच्या आजोबांच्या गोष्टी ऐकल्या.

नेमकी त्याच दुपारी आपल्या प्रतापदादांची नवी इलेक्ट्रिक सायकल घराच्या बोळातून चोरीला गेली. शेजाऱ्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सगळ्यांनी क्रिस्टीचंच नाव घेतलं. प्रतापदादांनी आधी लिहिलं, टोपीवाला कुणीतरी दिसल्यासारखं वाटलं. दिवे लागेपर्यंत त्याचं 'मी त्याला पाहिलं' झालं. काल गार्ड, म्हणजे इथले पोलीस, क्रिस्टीला घेऊन गेले. रात्री सोडलं, पण व्हॅन त्यांच्याच ताब्यात आहे. येत्या मंगळवारी ते प्रतापदादांचा जबाब लिहून घ्यायला येणार आहेत.

आत्या, तो माझ्यासमोर होता. हे फक्त मला माहीत आहे. आणि मी प्रतापदादांच्याच घरात राहते. व्हिसाचं नूतनीकरणही अडकलंय, त्यांच्याच पत्त्यावर. काय करू?

लोभ आहे तो कमी होऊ देऊ नकोस.

तुझी,
निहारिका

अहमदनगर
३० जानेवारी २०२१

चि. निहारिकास,
अनेक आशीर्वाद.

पत्र दोनदा वाचलं. शैलेंद्रनेही वाचलं असणार, कारण जिना उतरताना फार गंभीर तोंड करून गेला.

तू परक्या देशात आहेस. ती खोली मी विभावरीच्या आईकडे शब्द टाकून मिळवली. प्रताप तिचा जावई. तेव्हा आत्या म्हणून सांगते, गप्प बस.

आता वकील म्हणून. पस्तीस वर्षं या गावच्या कोर्टात उभी राहिले. कुठे घरफोडी झाली की पोलीस आधी पारध्यांच्या पालावर जायचे. माल मिळो न मिळो, 'संशयित इसम' मिळायचाच. इंग्रजांनी आपल्याकडच्या जमातीच्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या, तो कायदा जाऊन सत्तर वर्षं होत आली, सवय गेली नाही. 'भामटा' ही जात की शिवी, हे आपल्या पोलिसांना शेवटपर्यंत वेगळं करता आलं नाही. अशा खटल्यांत मला एकच गोष्ट मिळायची नाही. साक्षीदार. पाहिलेलं असायचं पुष्कळांनी, पण त्यांना त्याच गावात राहायचं असायचं.

तरीही पोलिसांकडे जायचं ठरवलंस तर आधी प्रतापला तोंडावर सांग. माणसाला शब्द मागे घ्यायला जागा ठेवावी. पाठीमागून गेलीस तर तोही हट्टाला पेटेल.

वेळेवर जेवत जा. माया आहेच, ती पत्राच्या शेवटी मागावी लागत नाही.

तुझी,
नंदाआत्या

ल्यूकन
१ फेब्रुवारी २०२१

ती. नंदाआत्यास,
सा. न. वि. वि.

आज दुपारच्या जेवणात सांगितलं. विभावरीताई पोळी वाढता वाढता थांबल्या. प्रतापदादा ओरडले नाहीत, ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी आधी विचारलं, की मी त्या व्हॅनपाशी गेलेच कशाला. मग म्हणाले, टोपी तीच होती. मी म्हटलं, टोप्या इथे सगळेच घालतात.

मग जे बोलले ते जसंच्या तसं लिहिते. "आठ वर्षं राहतोय इथे. या आठवड्यात पहिल्यांदा समोरचा माणूस फाटकापाशी थांबून माझ्याशी बोलला. आता मी शब्द फिरवला तर उद्या या गल्लीत संशय कुणावर येईल? आपल्यावर."

आत्या, त्यांची भीती खोटी नाही. ते उठून वरच्या खोलीत मीटिंगला गेले. रेवा, त्यांची दहा वर्षांची, जिन्यात बसून सगळं ऐकत होती. तिनं मला इंग्रजीत विचारलं, बाबा खोटं बोलले का. मी म्हटलं, बाबांचा गोंधळ झालाय. तिला ते पटलं नाही.

उद्या ते जबाबावर सही करतील. मला त्याआधी जायला हवं. तू रागावलीस तरी लोभ तसाच राहू दे.

निहारिका

अहमदनगर
२ फेब्रुवारी २०२१, सकाळ

चि. निहारिकास आशीर्वाद.

शैलेंद्र दारातच उभा आहे, त्यामुळे चार ओळीच. जा. जे पाहिलंस तेवढंच सांग. प्रतापच्या मनात काय होतं ते तुला विचारलं तरी सांगू नकोस, ते तू पाहिलेलं नाहीस. विभावरीच्या आईचं मी बघते.

नंदाआत्या

मलिंगार
२० फेब्रुवारी २०२१

ती. नंदाआत्यास,
सा. न. वि. वि.

पत्ता बदललाय, वरती पाहिलंस ना. स्वानंदीसोबत राहते आहे, माझ्याच विभागातली, नागपूरची. खोली लहान आहे, पण ग्रँड आहे, म्हणजे इथल्या भाषेत ठीकठाक.

त्या सकाळी मी कोट घातला तेव्हा विभावरीताई गाडीची किल्ली घेऊन दारात उभ्या होत्या. मला पोलीस स्टेशनवर सोडलं आणि बाहेर गाडीतच थांबून राहिल्या. आत एका तरुण गार्डबाईंनी माझं सगळं लिहून घेतलं. क्रिस्टीनं हे का सांगितलं नाही, असं त्यांनी विचारलं. मला माहीत नव्हतं. दुपारी प्रतापदादांनी जबाबात लिहून दिलं, की चेहरा दिसला नव्हता. सायकल अजून सापडलेली नाही. समोरचा माणूस आता फाटकापाशी थांबत नाही. चार दिवसांनी प्रतापदादांनी मला अगदी शांतपणे दुसरी खोली बघायला सांगितलं. निघताना विभावरीताईंनी डबा दिला आणि रेवानं मिठी मारली. प्रतापदादा वर मीटिंगमध्ये होते.

निघायच्या आदल्या दिवशी क्रिस्टी व्हॅन सोडवून आला. काच फुटली होती, तिथे प्लास्टिक लावलेलं होतं. हिरवळीवर राहिलेली त्याची खुर्ची न्यायला आला होता. मी जाऊन विचारलं, मंगळवारी तू माझ्याशी बोलत होतास, हे गार्डना का नाही सांगितलंस?

तो खुर्चीची घडी करत राहिला. मग म्हणाला, "पोरी, तुझं नाव घेतलं असतं तर तुला त्या घरातून काढलं असतं."

मी खोली गेल्याचं त्याला सांगितलं नाही. त्याने खुर्ची आत ठेवली आणि कुठे सोडू का, असं विचारलं.

तुझ्या मायेतली,
निहारिका