सुरेखाची म्हैस

मंगळ., ११ नोव्हें.
आज सुभेदारांनी घात केला. स्वतःच्याच केसचा.
सुरेखा त्यांची सून. उन्हाळ्यात दुधाची किटली स्कूटीला अडकवून डेअरीला निघाली आणि फाट्यावर टेम्पोनं उडवली. जागीच गेली. तीन म्हशी, दीड एकर ऊस, सगळं तिच्या अंगावर. नवरा फौजेत, लेहला. भरपाई मागायची तर ती कमवत होती हे दाखवायला हवं. पण डेअरीचं खातं सासऱ्याच्या नावावर, ऊस सासऱ्याच्या नावावर. कागदावर बाई कुठंच नाही. म्हणून साक्षीला सुभेदार. त्यांची वकील म्हणून मी किती समजावलं होतं, काही वाढवून सांगू नका, खरं तेवढंच सांगा.
विमा कंपनीचे वकील सांगलीचे. गोड बोलूनच मारतात. "सुभेदारसाहेब, तुमच्यासारख्या घराण्यातल्या सुनेला शेणामुतात हात घालायला लावत होता?"
झालं. म्हातारा ताठ. "आमच्या घरातली सून कवा गोठ्यात गेली न्हाई. राणीवाणी हुती."
वकील लगेच खाली बसले. मी फेरतपासणीला उठले तर सुभेदार माझ्याकडं बघेनात. "सांगितलं की एकदा."

बुध., १२
आता गृहिणी म्हणून काहीतरी ठोकळ उत्पन्न धरतील. तिच्या मुलीला, श्रेयाला, नर्सिंगला जायचंय. त्याचं कसं होणार...
आणि पैशाचं एक राहू दे. निकालात छापून येणार, मयत काही कमवत नव्हती. पहाटेपासून राबलेली बाई. शिसारी आली या धंद्याची. बाई मेल्यावर तिचं मोल ठरवायचं, आणि तेही कमीत कमी कसं होईल ते बघायचं. कोर्टात गेले, दोन तारखा घेतल्या, घरी आले.

शनि., १५
काकू आल्या होत्या, सुभेदारांच्या मंडळी. बाजाराचं निमित्त करून.
"बाई, ह्यांच्यावर रागावू नगा."
म्हटलं, रागावून काय करू काकू, नडला तो त्यांचा ताठा. चहा तसाच निवला. मग काकूंनी खाली बघत सांगितलं. दोन म्हशी इकल्या. एक ऱ्हायली, ती सुरेखाच्या मागारी कुणाला जवळ येऊ देईना. लाथा झाडायची. काकूंच्या बोटांत ताकद नाही. "मग ह्ये पहाटं सुरेखाची साडी गुंडाळून बसत्यात. डोईवरनं पदर घेऊन. तवा कुटं पान्हवतीया. गोठ्याचं दार लावून घेत्यात. कुणाला बोलू नगा, मला घरात ठेवायचं न्हाईत."
मला रडू फुटलं, काकूंसमोरच. आणि लाज वाटते लिहायला, त्याच क्षणी मनात आलं, पुरावा मिळाला.

सोम., १७
काकूंना कालच विचारून घेतलं होतं. "माझं काय व्हायचं त्ये हू दे," म्हणाल्या. मग सुभेदारांना परत साक्षीला बोलवायचा अर्ज टाकला आणि त्यांना फोन केला. म्हटलं, म्हशीची धार आता कोण काढतं, एवढंच विचारणार आहे.
मग, "हिनं सांगितलं व्हय." फोन बंद.
दुपारी लेहवरून सुरेखाच्या नवऱ्याचा. "मॅडम, आबांना नका उभं करू. भावकीत तोंड दाखवायचं हाय त्यास्नी. मिळंल त्ये घेऊ."
"आणि सुरेखा?"
"ती गेली की, मॅडम."
मी तरी कुणासाठी भांडतेय, तिच्यासाठी का माझ्या हट्टासाठी? माहीत नाही.

मंगळ., २ डिसें.
अर्ज मंजूर. सुभेदार आले. कडक इस्त्री, छातीला मेडलं. बरोबर भावकीतले तिघे-चौघे. यांना कुणी आवतण दिलं होतं?
बाजूला घेऊन म्हटलं, "नको असेल तर नाही विचारत."
"इच्यारा तुमी. पर तोंडातनं काय निघंल, मला म्हाईत न्हाई."
विचारलं. जज्जसाहेब लिहून घ्यायला थांबले. सुभेदार आपल्या हाताकडं बघत उभे. भावकीतलं कुणीतरी खाकरलं. शेवटी साहेबच म्हणाले, वेळ घ्या, उत्तर जेवणाच्या सुट्टीनंतर घेऊ.
बाररूममध्ये बसून लिहितेय. डबा उघडला नाही. खिडकीतून सुभेदार आणि काकू दिसतात. भावकी चहाला हाका मारतेय, सुभेदार गेले नाहीत. काकूंनी येताना पिशवीत ती साडी आणलीय. मी आणायला सांगितली नव्हती. आता पिशवी सुभेदारांच्या मांडीवर आहे, दोन्ही हातांनी धरलेली. आत न्यायला का लपवायला, इथून कळत नाही.
कोर्टाची हाक झाली.